कथेतला जादूचा गोठलेला समुद्र खरोखर धोकादायक कसा वाटेल?

तुमच्या काल्पनिक जगातल्या शापित समुद्राचे नियम खऱ्या समुद्री बर्फावरून घ्या, असं मी आग्रहाने सांगेन. खारं पाणी उणे १.८ अंश सेल्सिअसच्या आसपास गोठतं आणि गोठताना बरंचसं मीठ बाहेर टाकतं. कोवळा बर्फ पायाखाली लवतो, तेच अंगावर काटा आणतं. त्याहून भयंकर म्हणजे तो थांबत नाही. वारा आणि प्रवाह त्याला रेटत राहतात. कुठे पाण्याची फट उघडते, कुठे लाद्या एकमेकींवर चढून भिंती उभ्या राहतात. ध्रुवीय शोधमोहिमा करणाऱ्या शॅकलटनचं 'एन्ड्युरन्स' जहाज १९१५ मध्ये अंटार्क्टिकाजवळच्या वेडेल समुद्रात अशाच दाबाने चिरडलं गेलं.

पण तुमच्या कथेसाठी ब्रिटिश नौदल अधिकारी पॅरीची १८२७ ची मोहीम जास्त उपयोगी आहे. ही माणसं बर्फावरून उत्तर ध्रुवाकडे नावा ओढत होती आणि पायाखालचा बर्फ दक्षिणेकडे वाहत होता. शेवटी त्यांना परतावं लागलं.

शाप इथेच घाला: बर्फाला प्रवाशाचा इरादा कळतो आणि तो उलट दिशेला सरकतो. ज्याला कुठेच जायचं नाही, त्यालाच तो पलीकडे पोचवतो. राक्षस नसले तरी चालतील.