एव्हरेस्टचा माथा चुनखडकाचा असेल, तर तो विरघळून का जात नाही?

माथा चुनखडकाचाच आहे, त्यात वाद नाही. वाद घालतात ते आमचे साडू.

मनीष नगरला त्यांच्याकडे जेवायला गेलो होतो. वाढप चालू असताना सगळ्यांदेखत म्हणाले, "चुनखडी मऊ असते भाऊ, ते का टिकन तिथं? हिमालय सारा ग्रॅनाइटचा." मी चंद्रपूरकडच्या चुनखडीच्या खाणीत केमिस्ट होतो. हे ऐकून गप्प बसणं शक्य नव्हतं. पुढच्या खेपेला पातळ हायड्रोक्लोरिक अॅसिड घेऊनच गेलो. त्यांच्या अंगणातल्या शहाबादी फरशीवर ड्रॉपरने एक थेंब सोडला. फस्‌ करून बुडबुडे आले, ते बसल्यावर रुपयाएवढा फिकट डाग राहिला. शेजारच्या बांधकामावरची काळी गिट्टी आणून तिच्यावर टाकला, तर ओघळून गेला. म्हटलं, बुडबुडे आले म्हणजे ही फरशी चुनखडकच आहे, इतके पावसाळे तिनं काढले, वाहून गेली का? मेहुणीला मात्र फक्त डाग दिसला.

चुनखडक विरघळायला वाहतं पाणी लागतं, हवेतला आणि मातीतला कार्बन डायऑक्साइड मुरलेलं. एव्हरेस्टच्या माथ्यावर भर उन्हाळ्यातही पारा शून्याखालीच. पाऊस नाही, बर्फ पडतो आणि वारा तोही उडवून नेतो. विरघळलेला चुनखडक बघायचा तर मेघालयात मॉस्माईची गुहा बघा.

शिखराचा खडक ऑर्डोव्हिशियन काळातला, ४५ कोटी वर्षांच्या आगेमागे उथळ समुद्रात साचलेला. त्यात ट्रायलोबाइट, क्रिनॉइड अशा जुन्या समुद्री प्राण्यांचे तुकडे सापडतात. भारतीय भूखंड आशियाला धडकला सुमारे ५ कोटी वर्षांपूर्वी, तेव्हापासून तो गाळ चढत चढत ८८४८.८६ मीटरवर गेला. माथ्याखालचा पिवळा पट्टा संगमरवरासारखा रूपांतरित झालेला. ग्रॅनाइटच हवा असेल तर शेजारचं मकालू शिखर आहे.

हां, ग्रॅनाइटचे थर एव्हरेस्टच्या खालच्या भागातही घुसलेत, पण माथ्यावर नाहीत. आणि माथा अजिबात झिजत नाही असंही नाही, गारठ्यानं भेगा फुटून तुकडे पडतातच. अॅसिडचा प्रयोग करायचाच तर सुट्या दगडावर करा.

तरी समुद्राचं पटत नसेल, तर साडूंनी स्वतःच्या देवघरात बघावं. मुक्तिनाथहून आणलेला शाळिग्राम ते रोज न्हाऊ घालतात. काली गंडकीतल्या त्या दगडात अमोनाइट असतो, ज्युरासिक काळातला. वयानं शिखराच्या खडकाहून बराच लहान, पण तोही समुद्रातलाच प्राणी.