दैनिक वेतनावरून कायम होता येईल का?

प्रश्न: माझे मिस्टर इंदूरला सरकारी ऑफिसात वीसेक वर्षं दैनिक वेतनावर, मध्य प्रदेश सरकारच्या २०१६ च्या योजनेत स्थायीकर्मी (म्हणजे ठरावीक वेतनश्रेणी, पण नियमित पद नाही) झाले पण रेग्युलर करत नाहीत, कोर्टात जावं का?

उत्तर: ताई, जरूर जा. साहेब लोक सुप्रीम कोर्टाचा २००६ चा उमादेवी निकाल (तात्पुरत्या किंवा रोजंदारी कामगाराला कायम होण्याचा हक्क आपोआप मिळत नाही, असं सांगणारा) पुढे करतील, पण त्यातच मंजूर रिकाम्या पदावर दहा वर्षं काढलेल्या पात्र लोकांसाठी एकदाची सवलत होती, आणि डिसेंबर २०२४ ला जग्गो केसमध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की जुन्या कामगारांविरुद्ध उमादेवीची ढाल करू नका. इतकी वर्षं राबवून घेतात आणि वर हे, राग येतो हो! हजेरी मस्टर, पहिली ऑर्डर जपा, पद मंजूर होतं का ते आरटीआयने विचारा. आधी खात्यात अर्ज, पोच घ्याच, मग हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठात रिट याचिका.