पोटावरची पिशवी किती दिवसांनी बदलायची?

तुमच्या वडिलांना कोलोस्टोमी, म्हणजे मोठं आतडं पोटावर बाहेर काढून शौच पिशवीत घ्यायचं ऑपरेशन, होऊन दीड महिना झाला. मेडिकलवाला म्हणतो प्लेट आठवडाभर चालते आणि तुमची तर दुसऱ्याच दिवशी गळते. म्हणून तुम्ही विचारलंय की नेमकी बदलायची कधी.

मी सांगलीची, गावभागात राहते. माझीही कोलोस्टोमीच, २०१८ साली मिरजेत झालेली. आधी सरळ उत्तर देते. पिशवी आणि प्लेट वेगळी असेल, तर कातडीला चिकटणारी प्लेट ३-४ दिवसांनी बदलायची. कितीही छान बसलेली असली तरी ७ दिवसांच्या पुढे नेऊ नका. खालून उघडणारी पिशवी एक तृतीयांश भरली की रिकामी करायची, कारण वजन वाढलं की ती प्लेटला खाली ओढते. बंद पिशवी असेल तर ती भरेल तशी, दिवसाला एक-दोन लागतात. पण खाज सुटली, आग झाली किंवा कडेला ओल दिसली, तर दिवस मोजत बसू नका. रात्रीचे दोन वाजले असले तरी काढायची.

आता तुमची दोन दिवसांत का गळते? दीड महिना म्हणालात, म्हणून मला पहिली शंका प्लेटच्या भोकाच्या मापाची येते. ऑपरेशननंतर स्टोमा, म्हणजे पोटावर बाहेर आलेलं आतड्याचं तोंड, सुजलेला असतो आणि पुढच्या ६ ते ८ आठवड्यांत तो आक्रसत जातो. हॉस्पिटलमधून दिलेल्या पहिल्या मापानंच तुम्ही अजून प्लेट कापत असाल, तर भोक आता मोठं पडत असणार. मधली कातडी उघडी राहते, तिथं शौच लागतं, कातडी ओली होते आणि ओल्या कातडीवर काहीच चिकटत नाही. आमच्याकडे हेच झालं होतं. हे बिचारे रात्री बसून एकाच मापाच्या चार-चार प्लेटा कापून ठेवायचे आणि माझी कातडी लालभडक. सिस्टरांनी मापपट्टी लावून दाखवली तेव्हा कळलं. भोक स्टोमापेक्षा २-३ मिलिमीटरच मोठं हवं. पहिले दोन महिने दर आठवड्याला माप घ्या, आणि तोवर आगाऊ कापून ठेवू नका.

दुसरं, काढलेली प्लेट लगेच टाकू नका. पालथी करून उजेडात बघा. भोकाभोवतीचा चिकट भाग पांढरा होऊन भिजलेल्या खडूसारखा फुगलेला दिसेल. तो पट्टा बारीक आणि सगळीकडे सारखा असेल तर तुमचे दिवस बरोबर आहेत. करंगळीच्या नखापेक्षा रुंद झाला असेल तर एक दिवस आधी बदला. एकाच बाजूला कडेपर्यंत पोचला असेल, तर वडिलांना खुर्चीवर बसवून त्या बाजूला पोटाला घडी पडते का ते पाहा. ती घडी स्टोमा पेस्टनं भरून काढता येते.

बदलायची सकाळी, चहाच्या आधी. तेव्हा आतडं शांत असतं. नुसत्या कोमट पाण्यानं पुसा आणि पूर्ण कोरडं करा. डेटॉल, स्पिरिट, खोबरेल काही लावू नका. आमच्या सासूबाई मायेनं खोबरेल लावायला सांगायच्या, पण तेलावर प्लेट धरत नाही. चिकटवल्यावर तळहात दोन-तीन मिनिटं दाबून ठेवा, उबेनं ती धरते. पुसताना रक्ताचा ठिपका आला तर घाबरू नका. स्टोमा काळा-निळा दिसला तर मात्र ताबडतोब हॉस्पिटल.

आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये घामानं प्लेट लवकर सुटते. मी त्या दिवसांत तिसऱ्या दिवशी बदलतेच.

महाग असते हो, मला माहीत आहे. चार दिवसांची सहा दिवस चालवावी असं वाटतं. २०१९ च्या पुरात आम्ही नेसत्या कपड्यांनिशी विश्रामबागला नणंदेकडे गेलो. हाताशी दोनच प्लेटा होत्या, आणि मेडिकल दुकानं पाण्यात. एक प्लेट मी चिकटपट्ट्या लावून नवव्या दिवसापर्यंत ओढली. गळती थांबली नाहीच, घाण आत साचत राहिली. कातडी सोलून निघाली ती भरायला तीन आठवडे लागले, आणि तेवढ्या दिवसांत नेहमीच्या दुप्पट प्लेटा गेल्या. तेव्हापासून चार प्लेटा, चार पिशव्या, कात्री आणि पावडर दाराजवळच्या पिशवीत तयार असतात.

आणि वडिलांना आरसा धरून द्या, हळूहळू स्वतःचं स्वतः करू द्या. मुलांनी आपलं हे साफ करावं याचा संकोच फार असतो, मी अनुभवलाय. उद्या सकाळी प्लेट काढाल तेव्हा आधी माप घ्या, आणि किती भरलं ते इथं कळवा. मी बघते.