फिल्म स्कूलला न जाता लेखन, दिग्दर्शन, कलादिग्दर्शन असं सगळं सांभाळणारी मराठीतली स्वतंत्र दिग्दर्शिका कोण?

सुमित्रा भावे. दुसरं नाव सुचायला मला जरा वेळच लागेल!

मूळच्या पुण्याच्या, शिक्षण समाजशास्त्राचं. टाटा समाजविज्ञान संस्थेतून बाहेर पडून त्यांनी कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवलं, मध्ये आकाशवाणीवर बातम्याही वाचल्या. सिनेमाकडे वळल्या त्या चाळिशी ओलांडल्यावर. झोपडपट्टीतल्या बायकांवर संशोधन करत होत्या. ते अहवालात गाडलं गेलं तर त्या बायकांपर्यंत कधीच पोचणार नाही, म्हणून १९८५ मध्ये 'बाई' हा लघुपट केला. त्याला थेट राष्ट्रीय पुरस्कार.

पुढे फिल्म इन्स्टिट्यूटमधून शिकलेले सुनील सुकथनकर जोडीला आले आणि 'दोघी', 'वास्तुपुरुष', 'देवराई' असे चित्रपट झाले. दिग्दर्शन दोघांचं, गीतं बहुतेक सुकथनकरांची, पटकथा मात्र बाईंच्या. कलादिग्दर्शन आणि वेशभूषाही त्या स्वतः बघायच्या. पैसा बेताचा, हे एक कारण असेलच. पण त्यांची घरं सेट वाटत नाहीत, माणसं राहती वाटतात, त्याचं श्रेय मी यालाच देईन.

सुरुवात 'अस्तु'पासून करा. स्मृतिभ्रंश झालेले संस्कृतचे पंडित (मोहन आगाशे) रस्त्यात हत्ती दिसतो म्हणून त्याच्या मागे निघून जातात, आणि माहुताची बायको त्यांना लेकरासारखं जेवू घालते. ती अमृता सुभाष. तिला आणि संवादांसाठी भावेंना, दोघींनाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. २०१६ च्या 'कासव'ला तर सुवर्णकमळ. तरी थिएटरात हे चित्रपट फार थोड्यांनी पाहिले, हे आपलं कर्म. २०२१ मध्ये त्या गेल्या. 'दिठी' त्यानंतर महिन्याभराने आला.