मोर्चे काढून निवडणुकीचे नियम खरोखर बदलतात का?

होय, बदलतात, मात्र आझाद मैदानावरच्या घोषणांपाठोपाठ कोणीतरी न्यायालयात किंवा संसदेत चिकाटीने पाठपुरावा केला तरच. जयप्रकाश नारायण यांनी १९७४ साली नेमलेल्या समितीने, जिचे अध्यक्ष मुंबई उच्च न्यायालयाचे माजी न्यायमूर्ती वि. म. तारकुंडे होते, अठराव्या वर्षी मताधिकार द्यावा असे सुचवले होते, आणि तो मिळायला ६१वी घटनादुरुस्ती लागू होईपर्यंत, म्हणजे १९८९ पर्यंत, थांबावे लागले. मतदान यंत्रावर सगळ्या उमेदवारांच्या खाली असलेले ‘नोटा’चे, म्हणजे ‘वरीलपैकी कोणीही नाही’ असे मत देण्याचे, बटणही सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या निकालाने आले. अर्थात, लोकसभेला किंवा विधानसभेला नोटाला सर्वाधिक मते पडली तरी त्याखालोखालचा उमेदवारच निवडून येतो, आणि ही उणीव दूर झालीच पाहिजे.