कॅमेरा कोणापाशी थांबवायचा?

प्रश्न : मी एका वृत्तवाहिनीत सहायक निर्माती आहे. माणसाला उभारी देणाऱ्या क्रीडास्पर्धांच्या, विशेषतः दिव्यांगांच्या स्पर्धांच्या, थेट प्रक्षेपणात काम करावे असे मनापासून वाटते. परंतु तेथे प्रेक्षकांना मुद्दाम रडवावे लागते, असे सहकारी सांगतात. हे खरे आहे का?

उत्तर : रडवावे लागत नाही, उलट, निर्मात्याने पार्श्वसंगीत लावून रडवायचे ठरवले की प्रेक्षक सावध होतो. १९६८ च्या मेक्सिको ऑलिंपिकमध्ये टांझानियाचा जॉन स्टीफन अखवारी, जखमी पायाला पट्टी बांधलेल्या अवस्थेत, मॅरेथॉनच्या विजेत्यानंतर तासाभराहून अधिक वेळाने स्टेडियममध्ये पोहोचला. तेव्हा अंधार पडला होता आणि बहुतेक प्रेक्षक निघून गेले होते. ते दृश्य आज आपल्याला पाहता येते, कारण कोणीतरी कॅमेरा आवरून घेतला नव्हता. कोणता शॉट घ्यायचा हे दिग्दर्शक सांगतो. पण शेवटच्या धावपटूसाठी एक कॅमेरा राखून ठेवायचा, हे निर्मात्याला आदल्या दिवशीच ठरवावे लागते.

अमेरिकेच्या एबीसी वाहिनीवर क्रीडाप्रक्षेपणाचे निर्माते रून आर्लेज यांनी खेळाडूच्या आयुष्याची ओळख प्रेक्षकांना करून देण्याची पद्धत रुजवली, कारण अनोळखी माणूस जिंकला काय नि हरला काय, पाहणाऱ्याला सारखेच. या पद्धतीचा अतिरेकही झाला आहे. दिव्यांग खेळाडूची प्रत्येक चित्रफीत अपघातापासूनच सुरू होते, याचा मला तरी कंटाळा येतो. त्यापेक्षा खेळ समजावून सांगावा. टी-११ या जवळजवळ पूर्ण अंध खेळाडूंच्या गटातील धावपटू डोळ्यांवर पट्टी बांधून, वाट दाखवणाऱ्या डोळस सहधावकाशी छोट्या दोरीने जोडलेला धावतो आणि अंतिम रेषा सहधावकाने त्याच्याआधी ओलांडलेली चालत नाही, एवढे कळले की प्रेक्षकाची नजर आपोआप त्या दोन हातांमधल्या दोरीवर खिळते. अंधांच्या फुटबॉलमध्ये चेंडूतला खुळखुळ आवाज खेळाडूंना ऐकू यावा म्हणून खेळ चालू असताना प्रेक्षकांना शांत राहावे लागते. अशा वेळी मैदानाजवळचे मायक्रोफोन नीट लावून समालोचकाला कमी बोलायला सांगणे, हेच निर्मात्याचे निम्मे काम.

सुरुवात रिप्ले विभागातून किंवा चित्रफिती तयार करणाऱ्या चमूतून करावी. पहिली काही वर्षे फिरतीची, रात्रपाळीची आणि श्रेयनामावलीत नाव न येणारी असतात. बातमीतला आपला अनुभव येथे उपयोगी पडेल. फक्त वाक्य संपताच पुढच्या दृश्यावर जाण्याची सवय मोडावी लागेल.