नव्या ६४-बिट विंडोजवर जुनं बिलिंग सॉफ्टवेअर ‘एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स’ सापडत नाही म्हणतं. ती फाइल ‘सिस्टम३२’ (System32) फोल्डरमध्ये टाकूनही तेच. काय करावं?

फोल्डर चुकलाय. नाव फसवं आहे: ६४-बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ हा ६४-बिट फायलींचा फोल्डर, आणि ३२-बिट फायली राहतात सिसवाव६४ (SysWOW64) मध्ये. तुमचं सॉफ्टवेअर बहुधा व्हिज्युअल बेसिक ६ या मायक्रोसॉफ्टच्या प्रोग्रॅमिंग भाषेत (१९९८) लिहिलेलं, म्हणजे ३२-बिट. त्या भाषेतले प्रोग्रॅम चालवायला लागणारा मूळ भाग (रनटाइम) विंडोजसोबत येतो, पण ही ओसीएक्स फाइल येत नाही. यादी, टूलबार असे स्क्रीनवरचे भाग अनेक प्रोग्रॅम याच एका फायलीतून घेतात.

फाइल सिसवाव६४ मध्ये ठेवा. कमांड प्रॉम्प्ट ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ने उघडून त्याच फोल्डरमधला रेगएसव्हीआर३२ (regsvr32) हा फायलींची नोंद करणारा प्रोग्रॅम तिच्यावर चालवा. नुसती कॉपी पुरत नाही, रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या नोंदवहीत, नोंद लागते.

आणि कळकळीने सांगतो, ‘फुकट डीएलएल’ म्हणून अशा सिस्टम फायली वाटणाऱ्या साइटवरून ही फाइल उतरवू नका. हिच्यातल्याच एका त्रुटीचा हल्लेखोरांनी वापर केला होता. मायक्रोसॉफ्टने एप्रिल २०१२ मध्ये ती दुरुस्त केली. त्याआधीची प्रत आजही धोक्याची. सॉफ्टवेअरची मूळ सीडी असेल तर आधी त्यातला सेटअप चालवा, मग मायक्रोसॉफ्टचं अपडेट. हिशेबाच्या डेटाची प्रत मात्र हे सगळं करण्याआधी पेनड्राइव्हवर घ्याच.